पुढच्या सेव्हपर्यंत

माणूस गेला की त्याच्या कपड्यांचं काय करायचं, हे घरातल्या बायकांना कुणी सांगावं लागत नाही. बरे सदरे नात्यात जातात, विरलेले बोहारणीकडे, आणि एखादा कुणालाही न विचारता कपाटाच्या तळाशी राहतो. घड्याळ, चष्मा, पाकीट यांच्याही वाटा ठरलेल्या असतात. पण त्याने वर्षानुवर्षं निगुतीने लावून ठेवलेल्या गेम्सचं काय करायचं, हे आमच्याकडे कुणालाच माहीत नव्हतं. दादा २०२३च्या पावसाळ्यात गेला. हृदयविकाराने, बेचाळिसाव्या वर्षी, हाकेलाही वेळ न देता. दिवसकार्य उरकल्यावर वहिनी त्याच्या खोलीच्या दारात उभी राहून म्हणाली, "ताई, कपडे, कागदपत्रं मी बघते. ते कॉम्प्युटरमधलं तुम्हीच बघा. ते तुमच्या दोघांचं होतं."

ते खरंच आमच्या दोघांचं होतं. १९९३ साली लालबागची खोली विकून आईबाबा भाईंदर पूर्वेला नवघरला राहायला आले तेव्हापासूनचं. त्या वेळी इथे नगरपालिका होती. महानगरपालिका व्हायला २००२ साल उजाडलं. स्टेशनवरून नवघर रोडने चालत निघालं की स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यांतून पॉलिशच्या यंत्रांची घरघर ऐकू यायची. बाबा त्यातल्याच एका कारखान्यात होते. वस्तीच्या कडेला गेलं की मिठागरं लागायची, बांधावर मिठाच्या पांढऱ्या राशी, आणि पलीकडे खाडी. संध्याकाळी वारा फिरला की घरात खारट, चिखलट वास शिरायचा. आईला तो कधीच आवडला नाही. दादाला आवडायचा.

भाईंदरची त्या काळातली खरी घटना म्हणजे पाणी. ते केव्हा येईल याचा नेम नसे, आणि आलं की इमारतीत हाकाटी उठे. आमच्या टीव्हीला जोडलेला व्हिडिओ गेम त्या हाकेवर थांबायचा. "पाणी आलं!" अशी आईची आरोळी आली की दादा पॉजचं बटण दाबायचा आणि आम्ही दोघं बादल्या, कळश्या, पिंप घेऊन धावायचो. परत येईपर्यंत पडद्यावर कॉन्ट्रातले दोन शिपाई जिथल्या तिथे उभे असत, उडी अर्धवट टाकून, गोळी हवेत.

तो गेम म्हणजे जपानच्या निन्टेंडोने जुलै १९८३मध्ये बाजारात आणलेल्या फॅमिकॉमची स्वस्त नक्कल होती. मूळ यंत्र आमच्यासारख्यांच्या घरांत आलंच नाही. आल्या त्या त्याच्या नकला आणि पिवळ्या-लाल कॅसेटी. एकाच कॅसेटमध्ये शेकडो गेम असल्याचं वर छापलेलं असे आणि आत मोजकेच गेम नावं बदलून पुन्हापुन्हा येत. मारिओ, टँक, रोड फायटर, कॉन्ट्रा. त्यांत सेव्ह करायची सोय नव्हती. वीज गेली, अडॅप्टरचा धक्का लागला, कॅसेट जरा हलली, की सगळं पुसलं जाई आणि पहिल्या पायरीपासून सुरुवात. म्हणून दादा कधीकधी टीव्ही बंद करून खालचा गेम तसाच पॉजवर चालू ठेवायचा. रात्री उठून मी अडॅप्टरला हात लावून बघायची; तो तापलेला असे. सकाळी टीव्ही लावला की आम्ही जिथे होतो तिथेच. थांबलेलं जपता येतं, हे तेव्हा मनात पक्कं बसलं.

मग २००७मध्ये दादाने साठवलेल्या पगारातून प्लेस्टेशन २ आणलं. सोनीचं हे यंत्र जपानात ४ मार्च २००० रोजी आलं होतं आणि पुढे १५ कोटींहून अधिक विकलं गेलं. आजवर जगात सर्वाधिक खपलेलं गेमचं यंत्र तेच. त्याच्यासोबत घरात मेमरी कार्ड आलं. काडेपेटीहून जेमतेम मोठं, काळं, ८ मेगाबाइटचं. आता पॉजवर ठेवून अडॅप्टर तापवायची गरज उरली नाही. कुठवर आलो, काय मिळवलं, किती पैसे गाठीला, सगळं त्या कार्डावर लिहिलं जाई. यंत्राला अशा दोन कार्डांच्या खाचा होत्या. पहिली दादाची, दुसरी माझी. माझ्या कार्डाला त्याने कधी हात लावला नाही, आणि मी त्याच्या.

त्याच्या कार्डावर एक पैलवान होता. कुस्तीच्या एका गेममध्ये स्वतःचा पैलवान घडवता येतो: चेहरा, केस, अंगकाठी, कपडे, रिंगमध्ये यायची चाल, सगळं. दादाने रात्रभर बसून बाबांना घडवलं होतं. मिशी हुबेहूब, कपाळ थोडं मोठं, खांदे बाबांचे नव्हते तेवढे रुंद. रिंगकडे येताना तो इतका सावकाश चालायचा की प्रतिस्पर्धी ताटकळे. बाबा कारखान्यातून आले की हात न धुताच दारात उभे राहून एक कुस्ती बघायचे आणि म्हणायचे, "याला जरा जेवायला घाला रे." बाबा २०१२ साली गेले. पैलवान कार्डावर राहिला.

ही यंत्रं मरतात कशी, ते दादाने जवळून पाहिलं. आधी लेन्स जाते. डिस्क फिरते, गुरगुरते, आणि पडद्यावर काही येत नाही. लॅमिंग्टन रोडवरून लेन्स बदलून आणायची, वर्ष-दोन वर्षं चालायचं, पुन्हा तेच. जानेवारी २०१३मध्ये सोनीने प्लेस्टेशन २चं उत्पादन जगभर थांबवल्याची बातमी आली, आणि अस्सल सुटे भाग मिळणं दिवसेंदिवस कठीण होत गेलं. डिस्काही टिकत नाहीत. ओरखडे पडतात, चकाकत्या थराला दमट हवा लागते, आणि आमची हवा तर खाडीची. दादा डिस्का वर्तमानपत्रात गुंडाळून पत्र्याच्या डब्यात ठेवायचा. शेवटी त्याने ठरवलं की हे सगळं कॉम्प्युटरवर आणायचं.

एम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्राचं सोंग वठवणारा प्रोग्राम. मूळ यंत्रातला प्रोसेसर, चित्र काढणारी चिप, आवाजाची चिप, कंट्रोलर, कार्ड, या प्रत्येकाची भूमिका तो एकटा करतो, आणि गेमला वाटतं आपण आपल्याच घरी आहोत. प्लेस्टेशन २चं सोंग पीसीएसएक्स२ नावाचा प्रोग्राम वठवतो. २००२मध्ये पहिल्यांदा लोकांसमोर आलेलं हे काम जगभरच्या हौशी लोकांनी फुकट, रात्री जागून पुढे नेलं आहे. पण सोंग सजायला एक गोष्ट मूळ यंत्रातूनच आणावी लागते. बायोस. यंत्र सुरू होताना सर्वांत आधी जागा होतो तो छोटा प्रोग्राम. तो सोनीच्या मालकीचा, म्हणून एम्युलेटरसोबत येत नाही. आपल्या यंत्रातून आपणच काढून घ्यायचा. दादाने आमच्याच यंत्रातून तो पेन ड्राइव्हवर काढला. लेन्स मेलेली असली तरी यंत्र कार्डावरून सुरू करता येतं, हे तो कुठूनसं शिकला होता. मग त्याच रस्त्याने दोन्ही मेमरी कार्डं, एकेक फोल्डर करून. त्या यंत्राचं यूएसबी जुन्या, संथ जातीचं. एवढीशी माहिती यायलाही वेळ लागे, आणि तो तेवढा वेळ खुर्चीवरून हलत नसे.

डिस्का त्याने कॉम्प्युटरच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हवर वाचून घेतल्या. प्रत्येकीची प्रतिमा बनवली, ती आकुंचित स्वरूपात बदलली, मूळ डिस्क परत डब्यात. कायद्याचं त्याने नीट वाचून घेतलं होतं. आपल्याकडच्या १९५७च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ हे रीतसर मालकाला आपल्या प्रोग्रामची नाश किंवा नुकसानीपासून तात्पुरतं संरक्षण म्हणून प्रत काढू देतं. "विकत घेतलेलंच चढवायचं," हा त्याचा नियम होता. सुरुवातीच्या दिवसांत स्टेशनबाहेरून आणलेल्या कोऱ्या, स्केचपेनने नाव लिहिलेल्या डिस्का त्याने यादीत घेतल्या नाहीत.

आणि त्याने एक वही केली. दोनशे पानी, निळ्या पुठ्ठ्याची. प्रत्येक गेमला एक पान. वर नाव, खाली डिस्क कुठल्या डब्यात, फाइल कुठल्या फोल्डरमध्ये, कुठली सेटिंग्ज. अक्षर बारीक, उजवीकडे झुकलेलं. "चित्र तिप्पट मोठं करणे, त्याहून जास्त नको, पंखा ओरडतो." "रुंद पडदा नको, माणसं जाडी दिसतात." "आवाज फाटला तर वेग तपासणे." आणि पहिल्याच पानावर, दोनदा अधोरेखित: "फास्ट बूट बंद ठेवणे."

हे शेवटचं मला कळलं नव्हतं. फास्ट बूट चालू ठेवलं तर यंत्राचा सुरुवातीचा पडदा गाळून गेम थेट सुरू होतो, वेळ वाचतो. दादा तो वेळ वाचवत नव्हता. तो गेल्यावर पहिल्यांदा त्याच्या खुर्चीत बसले, एक गेम निवडला, आणि पडद्यावर तो जुना अंधार आला, निळसर धुकं, आणि त्यातून वर आलेले उजेडाचे चौकोनी खांब. इतकी वर्षं ते बघत आले होते. ते शोभेचे असतील असंच मला वाटे. वहीच्या त्याच पानाच्या मागे त्याने लिहून ठेवलं होतं: मेमरी कार्डावर यंत्र एक इतिहास लिहितं. आजवर कुठले गेम किती वेळा लावले त्याचा. एकवीस गेमपर्यंत. प्रत्येक गेमचा एक खांब, आणि जितक्यांदा लावाल तितका तो वाढतो. म्हणजे समोर उभी होती ती दादाची सोळा वर्षं. कॉलेज संपल्यानंतरची, लग्नाआधीची, रात्रपाळीनंतरची, मुलगी झाल्यानंतर आवाज बंद करून खेळलेली. त्याने हे सगळं यंत्रातून कॉम्प्युटरवर आणलं तेव्हा गेमसोबत तो इतिहासही, त्याचा वेगळा फोल्डर शोधून, आणला होता.

मग दुसरा गेम निवडला, आणि तो सुरू होण्याआधीच एक चौकट आली. पीसीएसएक्स२ बंद करताना आहे ती स्थिती जशीच्या तशी ठेवता येते. पुढच्या वेळी तो विचारतो, अमुक तारखेची स्थिती सापडली आहे, तिथून सुरू करू का? खाली पर्याय: ती स्थिती उघडा, नव्याने सुरू करा, ती पुसून सुरू करा. तारीख जुलै २०२३ची होती. तो गेला त्याच्या आदल्या रविवारची.

मी पहिलं बटण दाबलं. गेम होता जीटीए सॅन अँड्रियास, २००४चा. तिथे लोक मारामाऱ्या करायला जातात. दादा गाडी चालवायला जायचा. मिशन संपवून वर्षं झाली होती. तो नुसता त्या खोट्या शहरांतून फिरायचा, समुद्राच्या कडेने, आणि सिग्नल लाल असला की थांबायचा. त्या गेममध्ये सिग्नल तोडल्याची कसलीही शिक्षा नाही. मी विचारलं होतं तेव्हा म्हणाला होता, "बाकीचे थांबलेत ना." पडदा उजळला आणि गाडी तिथे उभी होती. सिग्नलवर. मागे दोन गाड्या, रेडिओवर गाणं मधूनच सुरू झालेलं, आकाशात संध्याकाळचा नारिंगी रंग. कंट्रोलर माझ्या हातात होता आणि मला काही दाबवेना. सिग्नल हिरवा झाला. मागची गाडी हॉर्न द्यायला लागली. मी पॉज केलं आणि काहीही न साठवता बंद केलं. त्यानंतर बरेच महिने मी तेवढंच करायची. उघडायचं, बघायचं, हिरवा व्हायच्या आत थांबवायचं. माझ्या दुःखाचा आकार तेवढाच झाला होता, एका सिग्नलएवढा.

जुलै २०२४मध्ये पीसीएसएक्स२ची नवी आवृत्ती आली, २.०. दादाचा कॉम्प्युटर धापा टाकू लागला होता. मी नवा घेतला, वहीबरहुकूम सगळं लावलं, आणि ती स्थिती उघडायला गेले. उघडली नाही. वेगळ्या आवृत्तीची आहे, चालणार नाही, असा निरोप आला. मी हादरले. मग एम्युलेटरचं माहितीचं पान शांतपणे वाचलं आणि कळलं की हे असंच असतं. अशी ठेवलेली स्थिती म्हणजे त्या क्षणी त्या प्रोग्रामच्या डोक्यात जे जे होतं त्याचं जसंच्या तसं चित्र. प्रोग्रामचं डोकं बदललं की ते चित्र त्याला वाचता येत नाही. मेमरी कार्डाचं तसं नसतं. त्यावर गेमने स्वतःच्या भाषेत स्वतः लिहिलेलं असतं. मूळ यंत्र असो, आजचा एम्युलेटर असो, वीस वर्षांनंतरचा असो, ते वाचलं जातं. बाबांचा पैलवान नव्या कॉम्प्युटरवर पहिल्या झटक्यात रिंगमध्ये आला, तसाच सावकाश.

थांबवलेला क्षण पुढच्या आवृत्तीत न्यायचा असेल तर एकच खात्रीचा रस्ता सांगितला जातो. जुनी आवृत्ती वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवा. तिच्यात तो क्षण उघडा. तिथून खेळत पुढच्या सेव्हच्या जागेपर्यंत जा. आणि गेमच्या रीतीने कार्डावर लिहा.

म्हणजे गाडी हलवावी लागणार होती.

त्या फाइलची प्रत मी दोन पेन ड्राइव्हवर ठेवली आणि दिवाळीनंतरच्या एका रविवारी दुपारी बसले. भाची शेजारी होती. आठवीत आहे, तिच्या बाबाचं सगळं तिला हवं असतं आणि विचारायला संकोचते. सिग्नल हिरवा झाला आणि मी बटण दाबलं. गाडी निघाली. त्या गेममध्ये सेव्ह करायला घरी जावं लागतं. आमचं सगळ्यात जवळचं घर म्हणजे ग्रोव्ह स्ट्रीटवरचं, नायकाच्या आईचं. दादा चालवायचा तशी मी चालवली, डाव्या हाताच्या अंगठ्यावर जरासा भार देऊन, वळणाआधी वेग कमी करून. तिथला एक तास म्हणजे आपलं एक मिनिट. बघता बघता नारिंगी आकाश काळं झालं. वाटेत दोन सिग्नल लाल लागले. भाची म्हणाली, "आत्या, थांब, बाबा थांबायचा." मी थांबले. घर आलं, आत शिरले, हवेत फिरणाऱ्या चिन्हात उभी राहिले, आणि पहिल्या खाचेतल्या कार्डावर, दादाच्या, लिहिलं. या गेममध्ये सेव्ह केलं की घड्याळ सहा तास पुढे जातं. नायक बाहेर आला तेव्हा तिथे पहाट झाली होती.

मी रडले, ते तेव्हा नाही. रडले रात्री, आई "मग लागलं का सगळं नीट?" असं विचारत होती तेव्हा. तिला एम्युलेटर काय ते कळत नाही. तिला एवढं कळतं की दादाचं काहीतरी बंद पडलं होतं आणि आता चालतंय.

जपणं म्हणजे थांबवून ठेवणं, ही माझी लहानपणापासूनची समजूत. पाणी भरून येईपर्यंत पॉजवर उभे असलेले ते दोन शिपाई माझ्या मनातून कधी हललेच नव्हते. पण थांबवलेलं फार काळ टिकत नाही. त्याच्याभोवतीचं सगळं बदलतं आणि एक दिवस ते उघडेनासं होतं. टिकतं ते कार्डावर लिहिलेलं, ज्याच्यावर पुढचं कुणी लिहू शकतं. दादाचा उजेडाचा खांब आता वाढतो. मी खेळते, भाची खेळते, आणि त्याच्या इतिहासात आमची भर पडते. मला त्याचा त्रास होईल असं वाटलं होतं. होत नाही. सिग्नलवरची ती संध्याकाळ जुन्या फोल्डरमध्ये आहे, तिला कुणी हात लावत नाही. पण तिच्याकडे मी आता रोज जात नाही.

दुसऱ्या खाचेत भाचीसाठी नवं कार्ड केलं आहे. आणि वहीत अजून कोरी पानं आहेत. दादाच्या डब्यात आपल्याकडे घडलेल्या गेम्सच्या डिस्का आहेत: २००९चा 'हनुमान: बॉय वॉरियर', हैदराबादच्या कंपनीने केलेला आणि प्लेस्टेशन २साठी भारतात पूर्णपणे तयार झालेला पहिला गेम म्हणून ओळखला जाणारा; त्याच वर्षीचा 'देसी अड्डा', ज्यात कबड्डी, पतंगबाजी आणि विटीदांडू खेळता येतात; आणि 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स', मुंबईत घडलेला. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३मध्ये केलेल्या पाहणीत तिथे २०१०पूर्वी आलेल्या गेम्सपैकी ८७ टक्के आज बाजारात मिळत नाहीत असं आढळलं. जिथे जपायला संस्था आहेत तिथली ही गत. आपल्याकडचे हे गेम बहुतेक अशाच घराघरांतल्या डब्यांत पडून असतील, आणि कुणाच्या तरी दादाने ते वर्तमानपत्रात गुंडाळले असतील. 'देसी अड्डा'ची डिस्क एका कडेला धूसर झाली आहे. पुढच्या पावसाळ्याआधी ती वाचून घ्यायची आहे. पान मी आखून ठेवलं आहे, दादाने आखायचा तसंच: नाव, डबा, फोल्डर, सेटिंग्ज. फास्ट बूट बंद.